पॅलेस्टाइन समजून घ्यायचा असेल तर लोदपासून सुरुवात करा

अरब-ज्यू संघर्षावरचं एखादं निःपक्ष पुस्तक सुचवा, अशी मागणी ७ ऑक्टोबर २०२३ च्या हमासच्या हल्ल्यानंतर वाचणाऱ्या माणसांत वरचेवर होते. मागणाऱ्याचा हेतू चांगला असतो. टीव्हीवरच्या आरडाओरड्याला तो कंटाळलेला असतो, आणि कुणीतरी शहाण्या माणसाने सगळं तोलूनमापून एका ठिकाणी मांडलं असेल अशी त्याला आशा असते. माझ्या मते ही मागणीच सोडून द्यावी. शंभर वर्षांचा झगडा तीनशे पानांत बसवायचा तर बहुतेक मजकूर गाळावाच लागतो, आणि नेमकं काय गाळलं हे नवख्या वाचकाला कळायला मार्ग नसतो. दोन्ही बाजूंना सारखी पानं देणारं पुस्तक तर जास्तच फसवं. त्यात गाळणीही सारखीच झाली असावी, असा आपला समज होतो.

त्यापेक्षा एक गाव घ्यावं आणि एक आठवडा घ्यावा. त्या आठवड्याबद्दल कोणी काय लिहून ठेवलं, ते कागद आज कुणाच्या ताब्यात आहेत आणि कुठले कागद असायला हवे होते पण दिसत नाहीत, एवढंच पाहावं. या प्रदेशात कागद हे लुटीचं, ओलिसाचं आणि जाळपोळीचं सामान आहे. ते ध्यानात आलं की कुठलंही पुस्तक हातात घेताना लेखक कुणाच्या बाजूचा यापेक्षा तो कुणाच्या दप्तरात बसून लिहितोय, हा प्रश्न आधी सुचतो.

मराठी वाचकाला असं गाव शोधायला फार फिरावं लागत नाही. तेल अवीवच्या विमानतळाजवळ लोद आहे. कोकणातल्या गावांची आडनावं घेऊन १९४८ नंतर इस्रायलला गेलेले मराठी ज्यू, म्हणजे बेने इस्रायल, ज्या गावांत वसले, त्यांत दिमोना, बिरशेबा, अश्दोद यांच्याबरोबर लोदही येतं. तिथल्या जुन्या पिढीच्या घरात अजून मराठी बोललं जातं. आणि याच लोदमध्ये, तेव्हाच्या लिड्डामध्ये, जुलै १९४८ मध्ये जे घडलं ते या सगळ्या संघर्षाच्या कळीच्या प्रसंगांपैकी एक आहे.

संयुक्त राष्ट्रांनी २९ नोव्हेंबर १९४७ रोजी मंजूर केलेल्या फाळणीच्या आराखड्यात हे गाव अरब राज्याच्या वाट्याला आलं होतं. जुलै १९४८ मध्ये इस्रायली सैन्याने ‘ऑपरेशन दानी’ या मोहिमेत ते घेतलं. ११ तारखेला मोशे दायान यांची तुकडी गोळ्या झाडत गावातून घुसून गेली. १२ तारखेला जॉर्डनच्या सैन्याच्या, म्हणजे अरब लीजनच्या, दोन-तीन चिलखती गाड्या गावात शिरल्या, गोळीबार पेटला, इस्रायली सैनिकांनी त्याला जबर उत्तर दिलं आणि सैन्याच्याच हिशेबाने अडीचशेच्या आसपास माणसं मेली. त्याच दिवशी रहिवाशांना हाकलून देण्याचा हुकूम निघाला. लोद आणि शेजारचं रामला मिळून ५० ते ७० हजार लोक बेघर झाले. लोदकरांना जुलैच्या उन्हात मुलाबाळांसह डोंगराळ भागाकडे पायी चालावं लागलं आणि कित्येक जण वाटेतच गेले.

हे आज सरळ लिहिता येतं. तीसेक वर्षं ते तसं लिहिता येत नव्हतं. लोक आपल्या पुढाऱ्यांच्या सांगण्यावरून निघून गेले, ही अधिकृत हकीकत होती. हुकमावर सही होती यित्झाक राबीन यांची, पुढे दोनदा पंतप्रधान झालेल्या आणि १९९४ च्या शांततेच्या नोबेलचे मानकरी ठरलेल्या. त्यांनी १९७९ साली आत्मचरित्र लिहिलं, त्यात हा प्रसंग होता. या लोकांचं काय करायचं, असं विचारल्यावर तेव्हाचे पंतप्रधान बेन-गुरियन यांनी घालवून द्या अशी हाताने खूण केली, असं राबीन यांनी लिहिलं होतं. मंत्र्यांच्या समितीने तो भाग कापला. पण इंग्रजी अनुवाद करणाऱ्याकडे मूळ मजकूर होता. त्याने तो बाहेर दिला आणि ऑक्टोबर १९७९ मध्ये न्यूयॉर्क टाइम्समध्ये तो छापून आला. माजी पंतप्रधानाची कबुली, तिच्यावर स्वतःच्याच सरकारची कात्री, आणि अनुवादकामुळे झालेली सुटका! साधनांच्या शोधाचा याहून चांगला पहिला धडा मला माहीत नाही.

पुढे तीस वर्षांच्या नियमाप्रमाणे १९४८ चे इस्रायली सरकारी कागद खुले होऊ लागले. त्यांवर बेनी मॉरिस, आवी श्लाइम, इलान पापे यांची पुस्तकं १९८७-८८ च्या सुमारास आली आणि ‘नवे इतिहासकार’ हे नाव रूढ झालं. यातल्या मॉरिस आणि पापे या दोघांचं पुढे काय झालं ते मराठी वाचकाने जरूर पाहावं. मॉरिस राजकारणात उजवीकडे गेले. २००४ मध्ये हाआरेत्झ या इस्रायली वृत्तपत्राला दिलेल्या मुलाखतीत त्यांनी १९४८ च्या हकालपट्टीचं समर्थनच केलं. पापे उलट दिशेने गेले. ही हकालपट्टी पूर्वनियोजित वांशिक सफाई होती असं ते म्हणतात, तर पूर्वनियोजनाचा एकच आराखडा होता हे मॉरिस यांना मान्य नाही. पण लोदच्या हुकमाबद्दल दोघांत वाद नाही. वाद उरला तो हेतूचा, आणि १२ जुलैला गावातल्या दहमश मशिदीत नेमकी किती माणसं कशी मेली याचा. ती चकमक होती की कत्तल, यावर २०१३-१४ मध्येही इस्रायली आणि अमेरिकी अभ्यासकांत जोरदार खडाजंगी झाली. कागदांमुळे मतं जुळत नाहीत, ती कधीच जुळणार नाहीत. भांडणाचं मैदान मात्र लहान होतं, आणि लोक आपखुशीने गेले असं म्हणणाऱ्याला त्या मैदानात जागा उरत नाही.

उघडलेलं दप्तर उघडंच राहील याचाही भरवसा नसतो. इस्रायलच्या संरक्षण खात्यातला मालमाब नावाचा सुरक्षा विभाग देशभरच्या अभिलेखागारांत जाऊन १९४८ चे कागद पुन्हा तिजोरीत बंद करत असल्याचं हाआरेत्झने २०१९ मध्ये उघड केलं. त्यात इतिहासकारांनी आधीच उद्धृत केलेले कागदही होते. जे छापून झालं ते लपवून काय साधणार? या विभागाच्या माजी प्रमुखानेच त्याचं कारण सांगितलं: मूळ कागद दाखवता आला नाही की त्यावर लिहिणाऱ्याची विश्वासार्हता कमी होते. बंदोबस्त इतिहासापेक्षा तळटीपांचा चालला होता. ज्यांना तळटीपा म्हणजे प्राध्यापकी सोपस्कार वाटतात त्यांनी यावर थोडा विचार करावा.

इथपर्यंतची सगळी साधनं एकाच बाजूची आहेत, हेही आता लक्षात आलं असेल. हुकूम काढणाऱ्याचा कागद, मोहिमेचा अहवाल, मंत्रिमंडळाची टिपणं. ज्यांना घालवलं ते कुठे आहेत? मॉरिस यांच्यावरचा सर्वांत रास्त आक्षेप हाच आहे. त्यांनी अरबी साधनं फारशी वापरली नाहीत, आणि अनेक वर्षांनी सांगितलेल्या आठवणी बेभरवशाच्या म्हणून तोंडी साक्षी मुद्दाम बाजूला ठेवल्या. परिणामी लोदचा रहिवासी आपल्याला दिसतो तो त्याला हाकलणाऱ्या अधिकाऱ्याच्या अहवालातून.

बखरीपेक्षा अस्सल कागद मोठा, ही शिस्त आपल्याकडे राजवाड्यांनी रुजवली आणि ती चांगलीच आहे. पण राजवाडे त्यासाठी गावोगावच्या वाड्यांतली दप्तरं धुंडाळत फिरले, कारण पेशवे दफ्तराची किल्ली इंग्रज सरकारकडे होती. सरदेसायांनी निवडलेले त्या दफ्तराचे ४५ खंड छापून यायला १९३० चं दशक उजाडलं. ज्याच्याकडे किल्ली त्याचीच बाजू ‘सप्रमाण’ ठरते, हे मराठी इतिहासाच्या वाचकाला वेगळं समजावून सांगायला नको. पॅलेस्टिनींना तर राज्यच नाही, मग राज्याचं अभिलेखागार कुठून असणार? त्यांच्याकडून प्रत्येक वेळी लेखी पुरावा मागणं वरवर तटस्थ दिसतं, पण ज्याच्याकडे कपाटं आहेत त्याच्या बाजूने निकाल त्या मागणीतच लागलेला असतो.

त्यांच्याकडे काहीच नाही असं मात्र नाही. लोदचे रहिवासी स्पिरो मुनैय्यर यांनी गावाच्या पाडावाच्या आठवणी लिहून ठेवल्या. १९९८ मध्ये त्यांचा इंग्रजी अनुवाद जर्नल ऑफ पॅलेस्टाइन स्टडीजमध्ये आला. आरिफ अल-आरिफ यांनी १९५० च्या दशकात नकबाचा, म्हणजे १९४८ च्या पॅलेस्टिनी वाताहतीचा, अनेक खंडांचा इतिहास अरबीत लिहिला. लोदमध्ये ४२६ माणसं मेली असा त्यांचा आकडा आहे, इस्रायली सैन्याच्या आकड्याहून बराच मोठा. जॉर्ज हबाश मूळचे लोदचे. तेव्हा ते वैद्यकीय शिक्षण घेत होते, पुढे त्यांनी ‘पॉप्युलर फ्रंट’ ही सशस्त्र पॅलेस्टिनी संघटना काढली. याच संघटनेच्या वतीने जपानी रेड आर्मीच्या तिघांनी ३० मे १९७२ रोजी लोदच्याच विमानतळावर २६ माणसं मारली, आणि त्यांतली बहुतेक प्वेर्तो रिकोहून आलेली ख्रिस्ती यात्रेकरू होती. १९७२ चा हल्ला वाचताना १९४८ चा जुलै माहीत असणं म्हणजे हल्ल्याचं समर्थन करणं नाही. अनेकांना तसं वाटतं म्हणून हे लिहून ठेवतो.

पॅलेस्टिनींनी दप्तर उभं करायचा प्रयत्नही केला. १९६५ मध्ये बैरुतला पॅलेस्टाइन मुक्ती संघटनेचं (पीएलओ) संशोधन केंद्र निघालं. अरबी, हिब्रू, इंग्रजी अशी सुमारे २५ हजार पुस्तकं आणि पुष्कळ हस्तलिखितं तिथे जमली. १९८२ मध्ये इस्रायली सैन्य बैरुतमध्ये शिरलं तेव्हा ते सगळं उचलून घेऊन गेलं. फेब्रुवारी १९८३ मध्ये केंद्रापाशी मोटारबाँब फुटला, माणसं मेली. नोव्हेंबर १९८३ मध्ये कैद्यांची अदलाबदल झाली, तेव्हा माणसांबरोबर हा ग्रंथसंग्रहही परत देण्यात आला आणि अल्जीरियाला रवाना झाला. पूर्वीसारखा तो पुन्हा कधी उभा राहिला नाही. गाझा शहराचं पालिका ग्रंथालय आणि तिथला मध्यवर्ती अभिलेखसंग्रह २०२३ च्या अखेरीस उद्ध्वस्त झाला. गाझावर पन्नास वर्षांनी कुणी लिहायला बसलं की त्याच्यापुढे कुणाची कागदपत्रं असतील हे आजच ठरून गेलं आहे.

पण अरब सरकारांना यातून सूट देता येत नाही. लोदमध्ये अरब लीजनचं बळ इतकं तुटपुंजं का होतं? लीजनचे ब्रिटिश सेनापती जनरल ग्लब यांनी आपल्या आठवणींत लष्करी अडचणीचं कारण दिलं आहे: सैन्य थोडं, आणि जेरुसलेमच्या वाटेवरचा लात्रूनचा नाका राखणं अधिक गरजेचं. अम्मानमध्ये तेव्हा लोक रस्त्यावर उतरले ते विश्वासघात झाला म्हणून. जॉर्डनचे राजे अब्दुल्ला आणि ज्यू नेत्या गोल्डा मायर यांच्या नोव्हेंबर १९४७ आणि मे १९४८ मधल्या गुप्त भेटी आता सर्वज्ञात आहेत, आणि श्लाइम यांनी त्यांवर मोठा ग्रंथच लिहिला आहे. पण तो प्रामुख्याने इस्रायली आणि ब्रिटिश कागदांवर. जॉर्डन, इजिप्त, सीरिया यांची त्या काळची लष्करी आणि राजकीय दप्तरं आजही अभ्यासकाला सहजी मिळत नाहीत. अब्दुल्लांचा २० जुलै १९५१ रोजी अल-अक्सा मशिदीच्या दारात खून झाला, त्याला सत्तरहून अधिक वर्षं लोटली, तरी त्या वाटाघाटींची जॉर्डनची बाजू जॉर्डनच्या कागदांतून वाचता येत नाही. गंमत म्हणजे वेस्ट बँकवर जॉर्डनची राजवट असताना तिथल्या पोलिसांनी राजकीय पक्षांवर ठेवलेल्या पाळतीच्या फाइली १९६७ मध्ये इस्रायलच्या हाती लागल्या. आता त्या वाचायच्या तर जेरुसलेमला जावं लागतं. स्वतःच्या कुलपात स्वतःची बाजू कोंडून ठेवायची आणि मग इतिहास शत्रूने लिहिला म्हणून रडायचं, हे अरब राजवटींनी सत्तर वर्षं केलं.

इराकची कथा याच जातीची. १९५०-५१ मध्ये सव्वा लाखाच्या आसपास ज्यू इराकमधून इस्रायलला गेले आणि हजारो वर्षांचा इराकी ज्यू समाज संपल्यात जमा झाला. २००३ मध्ये बगदादमध्ये सद्दामच्या गुप्तचर खात्याच्या तळघरात, कमरेएवढ्या पाण्यात, याच समाजाची पुस्तकं, शाळेची रजिस्टरं, पोथ्या सापडल्या. त्या अमेरिकेत नेऊन वाळवून दुरुस्त केल्या गेल्या. त्या कुणाच्या, इराकच्या की निघून गेलेल्यांच्या, हा वाद अजून मिटलेला नाही. पॅलेस्टिनी निर्वासितांबद्दल बोलणाऱ्याला बगदादच्या ज्यूंचं नाव नको असतं आणि बगदादच्या ज्यूंबद्दल बोलणाऱ्याला लोदचं. दोघांचे कागद सापडण्याची तऱ्हा मात्र सारखीच.

मग भरवसा कुणावर ठेवायचा? जो अभ्यासक आपल्याच बाजूला न आवडणारं सांगतो त्याच्यावर, निदान सुरुवातीला. देर यासीन या पॅलेस्टिनी गावात ९ एप्रिल १९४८ रोजी झालेल्या कत्तलीत २५४ माणसं मेल्याचं वर्षानुवर्षं छापलं जात होतं. मारणाऱ्या इर्गुन या ज्यू सशस्त्र संघटनेला तो आकडा दहशत पसरवायला सोयीचा होता आणि अरबांना अत्याचार दाखवायला. १९८७ मध्ये बीरझेत या पॅलेस्टिनी विद्यापीठाच्या अभ्यासकांनी गावातल्या कुटुंबांकडे चौकशी करून नावानिशी मोजणी केली. आकडा १०७ निघाला. कत्तल होती ती कत्तलच राहिली. दुसरं उदाहरण अरब लीगचे सरचिटणीस अज़्ज़ाम पाशा यांचं. ज्यूंचा संहार होईल, मंगोलांच्या कत्तलीसारखी त्याची आठवण निघेल, असं ते १५ मे १९४८ रोजी, युद्ध पेटलं त्या दिवशी बोलल्याचं असंख्य पुस्तकांत आहे. २०११ मध्ये मूळ जागा प्रसिद्ध झाली: ११ ऑक्टोबर १९४७ चं अखबार अल-यौम हे इजिप्शियन वृत्तपत्र. म्हणजे बोलले होते खरे, पण युद्धाच्या सात महिने आधी, आणि ज्यूंनी आपल्याला या युद्धात ओढू नये अशी आशा त्याच वाक्याला जोडून. ज्यांना पाशांना खलनायक ठरवायचं होतं त्यांनाही ही बातमी पूर्ण सोयीची नाही, आणि ते असं बोललेच नाहीत म्हणणाऱ्यांनाही.

व्हॉट्सअॅपवर फिरणारा चार नकाशांचा संच याच कसोटीवर पाहावा. आक्रसत जाणारा पॅलेस्टाइन दाखवणाऱ्या त्या नकाशांत पहिल्यात जमिनीची मालकी आहे, दुसऱ्यात मंजूर झालेला पण अंमलात न आलेला आराखडा, तिसऱ्यात जॉर्डन आणि इजिप्तच्या ताब्यातला भाग. तीन निरनिराळ्या गोष्टी एकाच हिरव्या रंगात. उलट गोटातला दावा असा की तिथे कुणी राहतच नव्हतं. त्याला उत्तर ब्रिटिशांच्या १९२२ च्या शिरगणतीत आहे: एकूण लोकसंख्या ७,५७,१८२, त्यात ज्यू ८३,७९४. आणि ‘पॅलेस्टिनी’ हे १९६४ नंतरचं खूळ म्हणणाऱ्याने याफामध्ये १९११ साली सुरू झालेल्या ‘फलस्तीन’ या वृत्तपत्राचे अंक चाळावेत. ते आज इस्रायलच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्याच संकेतस्थळावर फुकट आहेत. ब्रिटिशांच्या पील कमिशनचा १९३७ चा अहवाल, संयुक्त राष्ट्रांच्या समितीचा १९४७ चा अहवाल आणि त्यातच भारत, इराण, युगोस्लाव्हियाने मांडलेली संघराज्याची अल्पमतातली योजना, अमेरिकी परराष्ट्र खात्याचे खंड हेही घरबसल्या मिळतं. भारताने फाळणीविरुद्ध मत का दिलं यावर आपल्याकडे तावातावाने बोलणाऱ्यांपैकी ती योजना किती जणांनी वाचली असेल, कुणास ठाऊक.

एका गावात अडकून पडलं तर मोठं राजकारण निसटेल, हा आक्षेप मला पूर्ण खोडता येत नाही. शीतयुद्ध, तेल, इराण, ही प्रकरणं लोदमधून दिसत नाहीत. पण लोदमधून निघालेला वाचक अम्मान, बैरुत, बगदाद आणि लंडनपर्यंत आपोआप पोचतो, हे वरच्या मजकुरात दिसलंच असेल. आणि तिथे पोचल्यावर त्याच्या हातात निदान एक गोष्ट पक्की असते.

मराठीतल्या पुस्तकांच्या मांडणीवर नजर टाकली तर मोसादच्या करामती, एन्टेबीची सुटका आणि सहा दिवसांचं युद्ध यांना तोटा नाही. दुसरीकडे पुरोगामी नियतकालिकांत पॅलेस्टाइन येतो तो घोषणेसारखा, गावं आणि माणसं वगळून. दोन्हीकडे हिब्रू किंवा अरबीतून थेट आलेलं जवळपास काही नाही, सगळं इंग्रजीच्या दारातून. ही गरिबी आपल्याला परवडण्यासारखी नाही, कारण साधनं आपल्याच दारात आहेत. एडन १८३९ पासून १९३२ पर्यंत मुंबई सरकारच्या कारभारात होतं. तिथले कागद मुंबईच्या पुराभिलेखात आहेत, आणि एडनमध्ये डिसेंबर १९४७ च्या दंगलीत ८२ ज्यू मारले गेले त्याआधीचं शतकभराचं अरब-ज्यू सहजीवन त्यांतून शोधता येईल. बेने इस्रायलांनी मराठीत नियतकालिकं चालवली, पुढे इस्रायलमध्येही ‘मायबोली’ काढलं. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला तिथल्या धर्मगुरूंनी त्यांच्या ज्यू असण्यावरच शंका घेतली, विवाह अडवले, तेव्हा त्यांनी धरणं धरलं आणि १९६४ मध्ये संसदेला त्यांच्या बाजूने ठराव करावा लागला. पॅलेस्टिनींच्या गावात येऊन राहिलेला आणि ज्यू राष्ट्रातही दुय्यम ठरवला गेलेला हा मराठी माणूस दोन्ही छापील कथांत बसत नाही. म्हणूनच त्याची साक्ष मोलाची आहे.

राबीन यांचा कापलेला भाग, मुनैय्यर यांच्या आठवणी, ग्लब यांची बाजू आणि लोदमधल्या बेने इस्रायलांच्या मुलाखती एका मराठी पुस्तकात मावतील. त्यासाठी एखाद्या विद्यापीठाच्या इतिहास विभागाने अरबी जाणणारा एक आणि हिब्रू जाणणारा एक अभ्यासक नेमला तरी पुरे. मुलाखतींची घाई मात्र आहे, कारण १९५० च्या दशकात तरुणपणी लोदला पोचलेली माणसं आज नव्वदीच्या घरात आहेत.